सनदा आणि सनदी माणसें : नांदेड व लातूर प्रांतांतील सरकारी दप्तरांतून त्यांचा माग कसा काढावा

१. ‘पेटंट’ हा शब्द हल्लीं आपण नव्या यंत्राच्या अगर औषधाच्या शोधकास मिळणाऱ्या हक्कापुरताच योजितों. शब्दाचा मूळ अर्थ मात्र याहून बराच व्यापक आहे. लॅटिन भाषेंत ‘लितेरे पातेन्तेस’ म्हणजे उघडीं पत्रें. ज्या पत्रास राजाची मुद्रा खालीं जोडलेली असे आणि जें मुद्रा न फोडतां कोणासही वाचतां येई, तें उघडें पत्र. जें दुमडून मुद्रेनें बंद केलेलें असे, तें बंद पत्र. उघड्या पत्रानें जमीन, पदवी, अधिकार, मक्ता असें सर्व कांहीं दिलें जाई. नव्या कृतीवरील अनन्य हक्क हा त्याच झाडाची एक फांदी होय. इंग्लंडांत १६२४ च्या कायद्यानें ती फांदी वेगळी झाली व हिंदुस्थानांत तिचा पहिला कायदा १८५६ सालीं झाला. आमच्या देशांत याच उघड्या पत्रास सनद म्हणत आले आहेत. सनद ही ज्यास मिळाली त्याच्या नांवाची असली तरी तिचें बोलणें त्याच्याशीं नसतें; तें वर्तमान व भावी अधिकाऱ्यांशीं, देशमुख, देशपांडे, मोकदम व रयत यांच्याशीं असतें. अमक्यास अमुक दिलें आहे, तें चालवावें, दरसाल नवी सनद मागूं नये, हा तिचा आशय असतो. म्हणून सनदेचा शोध हा एका घराण्याच्या पेटींतील कागदाचाच शोध नसून, ज्या ज्या कचेरींत तो हुकूम वाचला गेला त्या त्या कचेरीचाही शोध असतो. प्रस्तुत लेखांत नांदेड व लातूर या दोन जिल्ह्यांपुरता हा शोध कसा चालवावा, याचें विवेचन करण्याचें योजिलें आहे.

२. या शोधाचा पाया एका साध्या नियमावर आहे. उघडें पत्र घेणाऱ्याच्या घरीं जातें आणि त्याची नोंद देणाऱ्याच्या दप्तरीं राहते. इंग्लंडांत राजाच्या उघड्या पत्रांच्या नकला चामड्याच्या गुंडाळ्यांवर ठेवण्याची पद्धत १२०१ पासून चालू झाली. मोंगली कारभारांत तेंच काम वाकेनवीस, दिवाण व मुस्तौफी यांच्या कचेऱ्यांतील स्याहे व नोंदवह्या करीत. मराठी कारभारांत तें फडावरील बारनिशी आणि दप्तरदार यांजकडे असे. मूळ जळालें, वाळवीनें खाल्लें, भाऊबंदकींत फाटलें, तरी नोंद उरण्याचा संभव असतो.

शोधकांच्या पेटंटांसही हाच नियम लागू आहे. शंकर आबाजी भिसे हे मुंबईस १८६७ सालीं जन्मले व १९३५ सालीं न्यूयॉर्क येथें निवर्तले. छापखान्याचे खिळे ओतण्याच्या यंत्रांविषयीं त्यांनीं मिळविलेलीं पेटंटें आज कोणास पाहावयाचीं असल्यास त्यांच्या घरीं जाण्याचें कारण नाहीं. ब्रिटन व अमेरिका येथील पेटंट कचेऱ्यांनीं तीं आकृतींसह छापून ठेविलीं आहेत. त्यांत अर्जदाराचें नांव, वास्तव्याचें ठिकाण, अर्जाची तारीख व मंजुरीची तारीख हीं सर्व मिळतात. अडचण एवढीच कीं, इंग्रजींत त्यांचें आडनांव दोन तऱ्हांनीं लिहिलेलें आढळतें. एकच वर्णरचना धरून शोधणारा मनुष्य अर्ध्या वाटेवरून परत येतो. सनदांच्या शोधांत हीच अडचण दसपटीनें भेडसावते. कारण तेथें लिपि तीन, सन चार आणि आडनांवें बहुधा नाहींतच.

३. या प्रांतांत सनदा देणारे हात अनेक झाले, हें प्रथम ध्यानांत ठेविलें पाहिजे. कंधारचा किल्ला मोंगलांनीं १६३१ सालीं घेतला. उदगीर व औसा हे १६३६ सालीं त्यांच्या हातीं गेले. तत्पूर्वींच्या सनदा निजामशाही, आदिलशाही किंवा बरीदशाही शिक्क्यांच्या असावयाच्या. शहाजहानच्या काळीं नांदेड हें तेलंगण सुभ्याचें ठाणें होतें; पुढें हा मुलूख बेदर सुभ्यांत मोडूं लागला. १७१९ सालीं दिल्लीहून मराठ्यांस स्वराज्य, चौथाई व सरदेशमुखी यांच्या सनदा मिळाल्या. मराठी इतिहासांतील सर्वांत गाजलेलीं उघडीं पत्रें तीं हींच. दक्षिणच्या ज्या सहा सुभ्यांस त्या लागू झाल्या, त्यांत बेदरही होता. पुढें १७२४ नंतर निजाम-उल्-मुल्काचा अंमल बसला. परंतु चौथाईचे कमावीसदार मुलखांत होतेच. त्यामुळें एकाच गांवीं दोन अंमल चालत व शहाणा इनामदार दोहींकडून पत्र करून घेई. १७६० सालीं उदगीर येथें निजामाचा पराभव होऊन सुमारें ६० लक्ष उत्पन्नाचा मुलूख मराठ्यांस मिळाला, १७९५ सालीं खर्ड्याची लढाई झाली, आणि १८१८ सालीं पेशवाई संपल्यावर ही दुसरी बाजू मिटली. तेव्हां नांदेड–लातूरकडील एखाद्या इनामाचा शोध केवळ हैदराबादेस करणें म्हणजे एक डोळा झांकून वाचणें होय. दुसरी बाजू पुण्याच्या पेशवे दप्तरांत पाहिली पाहिजे.

४. कागदांची जात ओळखल्यावांचून त्यांची नोंद कोठें असेल हें सांगतां येत नाहीं. फर्मान बादशहाचें, निशाण शहाजाद्याचें, हस्बुल्हुकूम हा बादशहाच्या आज्ञेवरून वजिरानें अगर अन्य मोठ्या अधिकाऱ्यानें स्वतःच्या शिक्क्यानें काढलेला हुकूम, परवाना हा अधिकाऱ्याचा. सनद हा शब्द सामान्य अर्थानें या सर्वांस लाविला जातो व विशेष अर्थानें दिवाणी कचेरीच्या दानपत्रासही. चकनामा म्हणजे दिलेल्या जमिनीच्या चतुःसीमा सांगणारा कागद. तो सनदेपेक्षां अधिक उपयोगी, कारण त्यांत ओढे, विहिरी, झाडें व शेजारचे शेतकरी यांचीं नांवें येतात. महजर हा गोतानें केलेला निर्णय. त्याखालीं बसलेल्या लोकांच्या निशाण्या असतात, नांगराच्या, कट्यारीच्या, तराजूच्या, ज्याच्या त्याच्या धंद्याप्रमाणें. ज्या साध्या माणसांचें नांव दुसऱ्या कोठेंही उरलें नाहीं, तीं महजरांत भेटतात.

इनामाचेही भेद आहेत. विद्वान्, फकीर, काजी इत्यादिकांच्या निर्वाहासाठीं दिलेलें तें मदद-ए-माश. देवळाची पूजा, दर्ग्याची चाकरी अशा सेवेच्या अटीवर दिलेलें तें मशरूत-उल्-खिदमत. व्यक्तीस बिनचाकरीनें दिलेलें तें जात इनाम. रोजाना ठराविक रोकड मिळे ती यौमिया. देशमुख–देशपांडे यांचा वसुलावरील हक्क तो रुसूम. पहिले सालारजंग यांनीं वसुलीचें काम त्यांजकडून काढून सरकारी नोकरांकडे दिलें, तेव्हां त्या हक्काबद्दल त्यांस खजिन्यांतून रोख रक्कम ठरवून देण्यांत आली. म्हणून रुसूमदाराचा शोध दानाच्या दप्तरांत न लागला तर खजिन्याच्या दप्तरांत लागतो. पैसा जेथून दरसाल निघतो, तेथें नांव दरसाल लिहिलें जातें.

५. आतां दप्तरें कोठें आहेत तें पाहूं. निजामच्या राज्यांतील जुनें मध्यवर्ती दप्तर हैदराबाद येथें आहे. पूर्वींचें दफ्तर-ए-दिवाणी व तत्संबंधीं इतर दप्तरें आज तार्नाका येथील तेलंगण राज्य पुराभिलेखागारांत आहेत. शहाजहानच्या काळचे दक्षिणेंतील मोंगली कागद तेथें जितके टिकले आहेत तितके फारच थोड्या ठिकाणीं टिकले असतील. त्यांतील निवडक कागद यूसुफ हुसेनखान यांनीं १९५० सालीं छापले. औरंगजेबकालीन निवडक कागद १९५८ सालीं निघाले. महाराष्ट्र शासनाच्या पुराभिलेख खात्याच्या शाखांपैकीं छत्रपति संभाजीनगर येथील शाखा मराठवाड्यास जवळची. पेशवे दप्तर पुण्यास. जिल्हा व तालुका कचेऱ्यांतील अभिलेखकक्ष हें चौथें ठिकाण. आणि आमच्या मतें सर्वांत कमी पाहिलेलें तेंच.

परंतु येथें एक मोठा फेरा आहे, तो म्हणजे जिल्ह्यांच्या हद्दी. उदगीर, निलंगा व अहमदपूर हे तालुके १९५६ पर्यंत बेदर जिल्ह्यांत होते. राज्यपुनर्रचनेंत ते उस्मानाबाद जिल्ह्यास जोडले गेले व १९८२ सालच्या १६ ऑगस्टपासून नव्या लातूर जिल्ह्यांत आले. खुद्द बेदर मात्र कर्नाटकांत गेलें. म्हणजे उदगीरकडील एका गांवाच्या कागदावर बेदर, उस्मानाबाद व लातूर अशीं तीन जिल्ह्यांचीं नांवें काळाप्रमाणें येतात; आणि उस्मानाबाद जिल्ह्यास त्यापूर्वीं नळदुर्ग जिल्हा म्हणत, आतां धाराशिव म्हणतात. नांदेडकडे याच्या उलट प्रकार. मुधोळ तालुक्याचा बराच भाग आणि देगलूर तालुक्यांतील बिचकुंदा व जुक्कल हीं मंडळें पूर्वीं नांदेडांत होतीं, तीं १९५६ सालीं आंध्र प्रदेशांत गेलीं व हल्लीं तेलंगणांत आहेत. किनवट व इस्लापूरचा भाग आदिलाबादेकडून नांदेडास आला. शोध करणारानें गांवाचें नांव हातीं येतांच तें १९०० सालीं, १९५० सालीं व आज कोणत्या तालुक्यांत व जिल्ह्यांत होतें व आहे, याचा एक लहानसा तक्ता प्रथम करावा. निम्मी निराशा तेवढ्यानें टळते.

दुसरी गोष्ट, गांव कोणाच्या ताब्यांत होतें हें पाहावें. निजामी राज्यांत खालसा, सर्फ-ए-खास म्हणजे निजामाचा खाजगी मुलूख, पायगा, जहागीर व संस्थान असे भेद होते. जहागिरीच्या गांवचें दप्तर जहागीरदाराच्या कचेरींत राही. १९४९ च्या ऑगस्टांत जहागिरी नष्ट झाल्या, तेव्हां गांवें दिवाणींत आलीं. कागद मात्र कांहीं सरकारांत आले व कांहीं वाड्यांत राहिले. आज जुन्या बाजारांत जे कागद वजनावर विकले जातात, त्यांत या वाड्यांतील कागद किती असतील, याचा विचार संग्राहकांनींच करावा.

६. सर्व साधनांत या दोन जिल्ह्यांपुरतें अत्यंत मोलाचें, आणि इतिहाससंशोधकांनीं सर्वांत दुर्लक्षिलेलें साधन म्हणजे मुंतखब. ‘मुंतखब’ याचा शब्दार्थ निवडलेलें, उतारा. निजाम सरकारनें इनामांची चौकशी करून ‘दस्तूर-उल्-अमल इनामात’ या नियमांप्रमाणें जे निर्णय दिले, त्यांचे उतारे मुंतखब व वसीका या नांवांनीं इनामदारांस मिळाले. हें काम पाहणारें खातें तें अतियात. मुंतखबांत बहुधा मूळ इनाम कोणी व कोणत्या सनदेनें दिलें, तें कशाबद्दल, किती जमीन, कोणत्या अटी, आणि आज त्याचे हक्कदार कोण व कोणाचा किती हिस्सा, हें सांगितलेलें असतें. म्हणजे सनद हरवली असली तरी तिचा सारांश एका चौकस व संशयी अधिकाऱ्याच्या लेखणींतून उतरलेला आपणांस मिळतो. सनद ही देणाऱ्याची बाजू. मुंतखब ही तपासणाऱ्याची. इतिहासास दुसरी अधिक विश्वासार्ह.

याहूनही सरस आहेत त्या विरासतीच्या मिसली. इनामदार वारला कीं वारसानें हक्काबद्दल अर्ज करावयाचा, सरकारनें चौकशी करावयाची, असा क्रम होता. अर्जाबरोबर शजरा, म्हणजे वंशवृक्ष, दाखल करावा लागे. भाऊबंद हरकती घेत. गांवचे लोक साक्षी देत. जुन्या सनदांच्या नकला जोडल्या जात. एका घराण्याच्या तीन पिढ्यांच्या तीन मिसली मिळाल्या कीं त्या घराण्याचा शंभर वर्षांचा इतिहास बहुतेक उभा राहतो. त्यांत दत्तकविधानें येतात, परागंदा झालेले भाऊ येतात, आणि पुष्कळदां सनदेंत कधींही न येणाऱ्या विधवा व मुली येतात. कारण हक्क मागण्यासाठीं त्यांस कचेरींत नांव सांगावें लागलें. आमच्या पाहण्यांत आलेल्या अशा एका मिसलींत घरच्या वृद्ध स्त्रीची जबानी होती. तिच्या सासऱ्याचें नांव घरच्या मंडळींस ठाऊक नव्हतें. तें सरकारी कागदावर होतें. दप्तर वाचून घरीं परतणाऱ्यास याहून मोठें दान कोणतें?

मुंतखबाचें महत्त्व केवळ जुन्या काळापुरतें नाहीं. १९५२ च्या हैदराबाद अतियात चौकशी कायद्यानें या निर्णयांस स्थान दिलें. १९५५ सालीं अंमलांत आलेल्या इनाम व रोख अनुदान रद्द करण्याच्या कायद्यानें बहुतेक इनामें गेलीं. परंतु धार्मिक व धर्मादाय संस्थांचीं इनामें त्यांतून वगळण्यांत आलीं. म्हणून देवळें, मठ, दर्गे व मशिदी यांच्या जमिनींविषयीं आजही वाद उभा राहतो, तेव्हां जमीन सेवेच्या अटीची कीं व्यक्तीची, हा पहिला प्रश्न येतो आणि त्याचें उत्तर मुंतखबांत असतें. माहूर, कंधार, औसा, उदगीर, देगलूर अशीं ज्या भागांत धर्मस्थळें दाट आहेत, तेथें तर कागदाची एक ओळ चुकीची वाचली गेली तर देवाचा दिवा विझतो किंवा गरीब कुळाचें शेत जातें. आम्ही हौसेनें जें वाचन करतों त्याला दुसऱ्याच्या चुलीशीं इतका निकट संबंध आहे, हें विसरूं नये.

७. सन ओळखण्यांत होणाऱ्या चुका फार आहेत. या प्रांताच्या कागदांत हिजरी, सुहूर, फसली व शक असे चार सन आणि शिवाय बादशहाचें जुलूस म्हणजे राज्यारोहणापासूनचें वर्ष भेटतें. सुहूर सनांत ५९९ किंवा ६०० मिळविले व फसलींत ५९० किंवा ५९१ मिळविले म्हणजे इसवी सन येतो. उदाहरण घेऊं. मराठी कागदावर ‘इसन्ने अशर मया व अलफ’ असें आहे. इसन्ने दोन, अशर दहा, मया शंभर, अलफ हजार. मिळून १११२ सुहूर, म्हणजे इसवी १७११–१२. तेंच वर्ष फसलींत ११२१ व हिजरींत बहुतांशीं ११२३ होतें. तीन आंकडे किती जवळजवळचे आहेत पाहा. १११२ हा आंकडा फसली समजला तर कागद नऊ वर्षांनीं मागें जाऊन औरंगजेबाच्या हयातींत पडतो. आणि मग बहादूरशहाच्या अंमलांतील अधिकारी औरंगजेबाच्या काळीं कसा आला, याचें कोडें आपण विनाकारण घालून घेतों. नियम असा कीं, अक्षरी अरबी शब्दांनीं लिहिलेला मराठी कागदाचा सन बहुधा सुहूर. महसुली हिशेबाचा आंकडी सन बहुधा फसली. शिक्क्यांतील सन हिजरी अगर जुलूस.

फसलीचाही आरंभ सर्वत्र एक नव्हे. जुना मराठी प्रघात मृगापासूनचा. निजामी सरकारी फसली वर्ष मात्र ऑक्टोबरच्या आरंभीं आजूर महिन्यापासून चालू होई. त्याचे महिने आजूर, दै, बहमन, इस्फंदार असे इराणी नांवांचे. पडताळ्यास एक सोपी खूण सांगतों. जहागिरी रद्द करणारा विनियम १३५८ फसलीचा, व ती घटना १९४९ च्या ऑगस्टांतील. १३५८ मध्यें ५९१ मिळविले कीं १९४९ येतात. ऑक्टोबर ते डिसेंबर या तीन महिन्यांस मात्र ५९० मिळवावे.

८. नांवांचा प्रश्न याहून नाजूक. निजामी कारभाराची भाषा १८८४ च्या सुमारापर्यंत फार्सी व नंतर उर्दू. गांवकामगारांची लेखणी मोडी. पूर्वेकडील गांवीं तेलुगु व दक्षिणेकडे कानडी यांची छाया. फार्सी शिकस्ता लेखनांत नुक्ते गाळले कीं बाबा, बापा व नाना हे एकमेकांपासून ओळखणें कठीण होतें. ‘ड’ नाहीं म्हणून नांदेड हें ‘नांदेर’ होतें. कंधार तर फार्सी बखरींत अफगाणिस्तानांतील कंदाहारासारखेंच लिहिलेलें असतें. दोन्ही किल्ल्यांसाठीं शहाजहानच्या फौजा लढल्या, तेव्हां संदर्भ पाहिल्यावांचून कोणता किल्ला हें ठरवूं नये. मोडींत ऱ्हस्वदीर्घ नाहीं व शब्द तोडलेले नसतात.

हुद्द्यांचीं नांवें भाषेबरोबर पालटतात. मराठी कागदांतील पाटील तो फार्सींत मुकद्दम. कुलकर्णी तो पांडिया. आडनांव क्वचित् येतें. मराठे, कुणबी इत्यादिकांच्या नांवांत ‘बिन’ घालून बापाचें नांव येतें, मुसलमानांच्या ‘वलद’ घालून. ब्राह्मणाच्या नांवापुढें नुसतें बापाचें. याकरितां शोधाचा धागा आडनांव हा न धरतां गांव, हुद्दा, बापाचें नांव व जमिनीचें मोजमाप हे चार धरावे. यांपैकीं तीन जुळले तर माणूस तोच समजावा. दोन जुळले तर संशय ठेवावा. एकावर वंशवृक्ष कधींही उभारूं नये. वंशवृक्षाच्या पडताळ्यास त्र्यंबक, नाशिक, पंढरपूर येथील तीर्थोपाध्यायांच्या वह्या उपयोगी पडतात. कारण त्या इनामासाठीं लिहिलेल्या नसल्यामुळें तेथें खोटें लिहिण्याचें कारण नव्हतें.

९. खऱ्याखोट्याची परीक्षा. शिक्क्यांत जो सन असतो तो शिक्का कोरल्याचा, कागद लिहिल्याचा नव्हे. म्हणून शिक्क्याचा सन कागदाच्या तारखेएवढा अगर तीपूर्वींचा असला पाहिजे. समजा, कागद ११२१ फसलीचा, म्हणजे १७११–१२ चा आहे आणि शिक्क्यांत ११३५ हिजरी, म्हणजे १७२२–२३ आहे. तर तो कागद त्या तारखेस निघालेला नाहीं, हें निश्चित. तथापि एवढ्यावरून त्यास बनावट म्हणून फेंकूं नये. काजीच्या शिक्क्याची नक्कल असेल, तर माथ्यावर ती मुळाबरहुकूम असल्याचें लिहिलेलें असतें आणि शिक्का नक्कल करणाऱ्या काजीचा असतो. नक्कल ही नक्कल म्हणून खरीच असते. बनावट ती, जी मूळ असल्याचा आव आणते.

कागदाची पाठ न चुकतां पाहावी. मोंगली दानपत्राच्या पाठीवर जिम्न, म्हणजे दानाचा तपशील, आणि निरनिराळ्या कचेऱ्यांचे शेरे व तारखा असतात. समोरील सुंदर अक्षर नकलणारे पुष्कळ. पाठीवरचे पांचसहा हातांचे शेरे, प्रत्येकाची निराळी शाई व वळण यांसह बनविणारा विरळा. आणि हेच शेरे आपणांस पुढची वाट दाखवितात, कारण ज्या कचेरीचा शेरा त्या कचेरींत नोंद.

१०. एवंच शोधाचा क्रम आम्ही असा सुचवितों. प्रथम घरचा कागद असेल तो दोहों बाजूंनीं वाचावा व त्याची नुसती छायाचित्रें काढून न थांबतां पूर्ण नक्कल करावी. नंतर गांवाच्या तालुका–जिल्ह्यांचा तक्ता करावा. मग आजच्या सातबाऱ्यावरून मागें चालावें. सातबारा, १९५४–५५ चें खासरा पाहणी पत्रक, त्यामागील पहाणी पत्रकें व सेतवार, असें गट क्रमांक व जुना सर्वे क्रमांक यांच्या आधारानें उतरत गेलें कीं जमिनीच्या इनामी स्वरूपाचा उल्लेख कोठें तरी सांपडतो. तेथून मुंतखब, मुंतखबावरून विरासतीच्या मिसली, मिसलींतील नकलांवरून मूळ सनदेची तारीख व कचेरी, आणि सर्वांत शेवटीं हैदराबाद व पुणें. पुष्कळ मंडळी हा क्रम उलटा करतात. मुंतखबाची तारीख हातीं नसतां हैदराबादेस जाऊन हजारों कागदांसमोर बसणें हा काळाचा व प्रवासखर्चाचा व्यय आहे. १९०९ सालीं निघालेलें हैदराबाद राज्याचें गॅझेटियर तालुक्यांच्या तत्कालीन रचनेसाठीं जवळ असावें. फार्सी न येणाऱ्यानें तें जाणणाऱ्याचें साहाय्य घेण्यांत संकोच करूं नये. निलंग्यास १९१० सालीं जन्मलेले सेतुमाधवराव पगडी यांनीं सरकारी नोकरी करितां करितां फार्सी साधनें मराठींत आणलीं. याच मातीच्या या अभ्यासकाचें उदाहरण आम्हांस पुरेसें आहे.

११. ज्यांस कधींच सनद मिळाली नाहीं त्यांचें काय, असा प्रश्न वाचक करतील. प्रश्न योग्य आहे. शंभर माणसांत इनामदार एखादा. बाकीचे त्याच्या शेतांत राबणारे. त्यांचा माग पाहणी पत्रकांत, कुळांच्या नोंदवह्यांत, जन्ममृत्यूच्या नोंदींत आणि महजरांवरील निशाण्यांत आहे. २०२३ सालीं महाराष्ट्र शासनानें निवृत्त न्यायमूर्ति संदीप शिंदे यांच्या अध्यक्षतेखालीं समिति नेमून मराठवाड्यांतील निजामकालीन कागदांत कुणबी नोंदींचा शोध आरंभिला, तेव्हां मोडी व उर्दू वाचणारांची गरज एकाएकीं सर्वांस कळली. त्या प्रश्नाच्या राजकीय बाजूशीं आम्हांस येथें कर्तव्य नाहीं. परंतु कोनाड्यांत पडलेल्या कागदावर लाखों माणसांचें भवितव्य अवलंबून असूं शकतें, आणि तो कागद वाचणारे हात बोटांवर मोजण्याइतके उरतात, हें त्या निमित्तानें उघड झालें. वाचनाची विद्या दप्तराइतकीच सार्वजनिक मालमत्ता आहे.

१२. शेवटीं संग्राहकांस चार शब्द. कागद विकत घेणें हा अपराध नव्हे. पुष्कळ कागद संग्राहकांनींच रद्दीच्या ढिगांतून वांचविले. परंतु कागद घेतांना तो कोणत्या गांवचा, कोणत्या घरचा, कोणत्या रुमालांतला, हें विचारून त्याच दिवशीं लिहून ठेवावें. रुमाल सोडून चांगल्या शिक्क्याचे कागद वेगळे काढणें, शिक्क्याचा तुकडा कापून घेणें, चकनामा कुरूप म्हणून टाकून देणें, यांनीं जी हानि होते ती भरून येत नाहीं. गांवापासून तुटलेली सनद मुकी होते आणि सनदेवांचून गांव बहिरें होतें. पंचाहत्तर वर्षांहून जुन्या ऐतिहासिक हस्तलिखितांस १९७२ च्या कायद्यान्वयें पुरावस्तु मानतात, तीं परदेशीं नेतां येत नाहींत, हेंही ध्यानीं असावें. सरकारी शिक्क्याची मिसल बाजारांत दिसली तर ती दप्तरांतून निघालेली आहे, असें समजून प्रथम त्या दप्तरास कळवावें.

ज्या घरचा मूळ कागद आपणांपाशीं आहे, त्या घरीं त्याची स्वच्छ नक्कल व बाळबोध वाचन पाठवावें. उघडें पत्र सर्वांनीं वाचावें म्हणून लिहिलें गेलें. तें पुन्हां बंद करून ठेवण्याचा अधिकार आपणांपैकीं कोणासही नाहीं. नांदेड व लातूर येथील ज्या वाचकांपाशीं अशा सनदा, मुंतखब अगर महजर असतील, त्यांनीं निदान त्यांची यादी, म्हणजे गांव, तारीख, देणारा, घेणारा व शिक्का एवढ्या पांच सदरांची, करण्यास आजच आरंभ करावा. यादी हीच दप्तराची पहिली पायरी होय.